कौशल्याची पॉलिसी आणि करिष्माचे खडे

आमच्या घरात कुणाचं नाव काय असावं, हे मी ठरवते. घरच्यांचं सोडा, खालच्या खोलीतल्या भाडेकऱ्याला मुलगी झाली, तिचंही नाव मीच ठेवलं. पुढच्या महिन्यात ते खोली सोडून गेले. त्याचा नावाशी काही संबंध नाही असं मी धरून चालते.

तर सयाजीचं लग्न झालं आणि सून आली. तिचं नाव करिष्मा. रहाटणीच्या आमच्या गल्लीत या नावानं हाक मारली तर निम्म्या घरांतल्या पोरी दारात येऊन उभ्या राहतील. मी सांगून टाकलं, या उंबऱ्याच्या आत हिचं नाव कौशल्या. लक्ष्मीपूजनाला रीतच असते ती. ताटात तांदूळ पसरायचे, नवऱ्यानं अंगठीनं त्यात बायकोचं नवं नाव लिहायचं, मग पेढे वाटायचे. सयाजीनं लिहिलं. मी नाव असं सांगितलं की पलीकडच्या दळणवाल्यालाही ऐकू गेलं. पेढे वाटले, विषय मिटला. तेव्हापासून ती दूधवाल्याला कौशल्या, भिशीच्या बायकांना कौशल्या आणि आमच्या ह्यांना, म्हणजे बबनरावांना, सूनबाई. हे वादात पडत नाहीत.

त्याच वर्षी आमच्या गल्लीतला सोनबा एजंट दवाखान्याच्या विम्याची पॉलिसी घेऊन आला. खोल्यांचं भाडं माझ्या हातात येतं, म्हणून पॉलिसीही माझ्या नावावर आणि घरातली सगळी तिच्यात. स्वयंपाकघरात बसवून मी त्याला एकेकाचं नाव सांगितलं. तो आधार कार्डं मागायला लागला. मी म्हणाले, अरे, अख्खी माणसं तुझ्यासमोर हिंडताहेत आणि तू कार्डं बघणार? त्यानं गुमान चहा प्यायला आणि मी सांगितलं तसं लिहिलं.

सोनबाला इतक्या लवकर गप्प करायला नको होतं, एवढंच आता वाटतं.

यंदा संक्रांत झाली आणि कौशल्याच्या पोटात दुखायला लागलं. आधी मी ओवा दिला, मग हिंग दिला, मग तिच्या माहेरच्या तेलकट खाण्याबद्दल चार शब्द दिले. कशानंच गुण येईना. वाकडच्या दवाखान्यात नेलं, तर पित्ताशयात खडे निघाले. डॉक्टर म्हणाले, याच आठवड्यात काढून टाकू, एखादा नळीत सरकला तर जिवावर बेतेल. मी म्हणाले, काढा, पॉलिसी आहे आमची. कार्ड असं टेबलावर ठेवलं, जसा पत्त्यातला एक्का.

काउंटरवरच्या मुलीनं एकदा पॉलिसीचं कार्ड पाहिलं, एकदा आधार पाहिलं आणि म्हणाली, पेशंट करिष्मा आहे आणि विमा कुणा कौशल्याचा आहे. कंपनी मंजुरी देणार नाही.

सयाजी चाकणच्या कंपनीत आहे. तिथं त्याला दिवसभर बिघडलेली मशिनं दुरुस्त करायची सवय. तो म्हणाला, "आई, साधं काम हाय. पॉलिसीत करिष्मा करून घ्यायचं. तुझी एक सही लागंल."

"पॉलिसीत का? पॉलिसीत बरोबरच आहे," मी म्हणाले. "चुकलंय ते आधारवाल्यांचं."

तो डोकं धरून बसला. पण सही माझी लागणार होती आणि माझा हात काही त्याच्या मशिनीचा भाग नव्हता.

विम्याच्या कचेरीत फरहीन मॅडम म्हणून होत्या. वयानं माझ्या सुनेएवढ्या, पण बोलणं असं गोड की भांडायला पकडच सापडेना. त्यांनी नीट समजावलं. आधारची प्रत आणि माझा अर्ज द्या, एका दिवसात पॉलिसीवर करिष्मा होईल. आधार बदलायचं असेल तर लग्नाचा दाखला किंवा राजपत्र लागेल आणि त्यात महिने जातील. दाखल्यावर तर करिष्माच आहे, असं सयाजी मागून पुटपुटला. मी त्याच्याकडे पाहिलं. तो खिडकीबाहेर पाहायला लागला.

मी विचारलं, "मॅडम, बाई लग्न होऊन आली, सासरचं नाव घेतलं, गल्लीनं पेढे खाल्ले. हा पुरावा नाही का?"

मॅडम म्हणाल्या, "काकू, पेढे आमच्या यादीत नाहीत."

त्यांना वाटलं, मी हसेन आणि सही करीन. मी दुसऱ्या दिवशी यायचं कबूल करून उठले.

दुसऱ्या दिवशी भाजीचा टेम्पो सांगून गल्लीतल्या बायका साक्षीला नेल्या. सूनही बरोबर घेतली, पोटाला गरम पाण्याची पिशवी लावून. तिला म्हणाले, तू फक्त बसून राहा, बोलायचं काम माझं. कचेरीत बायकांनी एकसुरात सांगितलं की ही कौशल्याच. शेजारची आम्रपाली तर म्हणाली की आम्हाला हिचं दुसरं नाव माहीतच नाही. तेवढ्यात सून कळ येऊन खुर्चीतच वाकली आणि हीच आम्रपाली धावत तिच्याकडे गेली, "करिष्मा, अगं करिष्मा, पाणी देऊ का?"

मी आम्रपालीला डोळ्यांनीच टेम्पोत बसवलं.

पण माझ्याकडे हुकमाचं पान होतं. लग्नाचा व्हिडिओ. पेन ड्राइव्ह सापडत नाही, असं सयाजी आदल्या दिवसापासून म्हणत होता. तो मला त्याच्याच कपाटात, मोज्यात गुंडाळलेला सापडला. तेव्हाच मला शंका यायला हवी होती. पण स्वतःच्या पोराचे मोजे उपसताना आईचं लक्ष शंकेकडे नसतं.

मॅडमनी आधी नाही म्हणून पाहिलं. मग सुनेकडे पाहिलं, मग माझ्याकडे, आणि कॉम्प्युटरला पेन ड्राइव्ह लावला. टेबलामागून कचेरीची माणसं उठून आली. जेवणाच्या पंगती पाहून एक साहेब म्हणाले, व्यवस्था चांगली होती. मी म्हणाले, असणारच. मॅडमनी पुढं सरकवलं. लक्ष्मीपूजन आलं. ताट आलं. हा भाग मी घरी कधी पाहिला नव्हता. माझी पैठणी दिसते तिथवर बघायचे आणि बंद करायचे. मी ठरवलेलं नाव, ते पुन्हा काय बघायचं?

फोटोवाल्यानं ताट अगदी जवळून घेतलं होतं. सयाजीची अंगठी तांदळात फिरत होती. माझी शाळा दुसरीत सुटली. मला वाचता येतं, पण एकेक अक्षर पायरीसारखं चढावं लागतं.

पहिलं अक्षर आलं. क.

"बघा," मी मॅडमना म्हणाले. "क."

मग 'रि' आलं.

मी चष्मा काढून पदरानं पुसला. पुसून घातला तरी 'रि'च होतं. पुढचं जोडाक्षर मी वाचलंच नाही, तेवढ्यानंच काम झालं होतं. पडद्यावर मी छाती पुढं काढून "कौशल्या" असं सांगत होते आणि माझ्या मागं उभे असलेले पाहुणे ताटात वाकून वाचत होते. वाचून एकमेकांकडे बघत होते आणि पेढे घेत होते. एकाच्याही तोंडून शब्द फुटला नव्हता. त्यात माझा सख्खा भाऊ होता.

माझ्या मागं उभा असलेला सयाजी म्हणाला, "तिला आवडत होतं ना तिचं नाव. तुला सांगायची हिंमत नव्हती."

मी त्याला सोडलं. तो बापावर गेलाय. मी सुनेकडे वळले. "तुला माहीत होतं?"

"मी शेजारीच बसले होते, आई."

"मग इतकी वर्षं कौशल्या म्हटलं की ओ का देत होतीस?"

ती पोटावरची पिशवी सावरत म्हणाली, "तुम्ही हाक मारत होता म्हणून."

तिचा चेहरा घामानं भिजला होता. ओठ आवळून ती एकदा तशीच हसली आणि पुन्हा वाकली. फरहीन मॅडमनी अर्ज माझ्यापुढं सरकवला आणि पेनाचं टोपण काढून दिलं.

मी सही केली. माझी सही चांगली येते, वळणदार. आणि करता करता मॅडमना बजावलं, की हे नाव मी बदललं नाही, जे ताटात होतं तेच फक्त परत लिहून दिलं. आमच्या घरात ताटातलं मोडत नाहीत.

मॅडम म्हणाल्या, "बरोबर आहे, काकू."

पॉलिसीत नाव चढलं, मंजुरी आली, आणि गुरुवारी तिला ऑपरेशनला आत घेतलं. बाहेरच्या बाकावर मी आणि हे. सयाजी येरझाऱ्या घालत होता, त्याला मी चहाला पिटाळलं. बऱ्याच वेळानं नर्स दार उघडून आली आणि तिनं करिष्माचं कोण आहे म्हणून विचारलं. मी इकडंतिकडं बघितलं, कोण बिचारी आहे म्हणून. ह्यांनी मला कोपरानं ढोसलं. सगळं व्यवस्थित झालं होतं. एका बाटलीत खडे दाखवले, हरभऱ्याएवढे. एवढं पोटात घेऊन पोरगी माझ्यापुढं पोळ्या लाटत होती.

मी परत बाकावर बसले. जीव हलका झाला की माणूस नको ते बोलतं. मी ह्यांना म्हणाले, "काय पोरगा आहे बघा. आईनं सांगितलेलं नाव लिहिलं नाही. तुम्ही तरी बरे. सासूबाईंनी शालन म्हटलं, तुम्ही शालन लिहिलंत. नाहीतर मी जन्मभर सोजरच राहिले असते."

हे गप्प. ह्यांचं गप्प बसणं मला पाठ आहे, हे त्यातलं नव्हतं.

"लिहिलं होतं ना?"

"आता कशाला ते," हे म्हणाले.

"लिहिलं होतं का नव्हतं?"

ह्यांनी टोपी काढली, आत पाहिलं, परत घातली. "मला कुठं लिवता येत हुतं तवा? रात्रशाळेत गेलो ते कंपनीत लागल्यावर. भटजी म्हणले लिव्ह. मी नुस्तं तांदूळ हलवलं."

आधार, रेशनकार्ड, घरपट्टी, पॉलिसी, माझ्या सगळ्या कागदांवर शालन आहे. फरहीन मॅडम कुणाच्या ओळखीच्या असतील, तर कृपा करून हे त्यांच्या कानावर घालू नका.