अर्धा किलो देवाचा

देवस्थळींची आणि माझी ओळख झाली ती लिफ्टमध्ये, आणि तीही माझ्या बॅगेमार्फत. शारजात, अल मजाजच्या या टॉवरमध्ये राहायला येऊन आम्हाला जेमतेम आठवडा झाला होता. ऑफिसच्या कामाला मी मुंबईला निघालो होतो. लिफ्टचं दार उघडलं, तर आत एक बुटके, टक्कल पडलेले, शर्ट पँटमध्ये नीट खोचलेले गृहस्थ उभे. त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही, माझ्या बॅगेकडे पाहिलं. मग खिशातून हुकाचा छोटा वजनकाटा काढला, बॅगेच्या मुठीला अडकवला आणि बॅग दोन्ही हातांनी उचलून धरली.

"लिफ्ट चालू असताना वजन खरं येत नाही," काट्यावरची नजर न काढता ते म्हणाले. "खाली गेल्यावर परत बघू."

खाली लॉबीत त्यांनी खरोखरच परत बघितलं. "तेवीस दोनशे. सातशे काढा."

"अहो, तेवीस चालतं. काढायचेच तर दोनशे ग्रॅम..."

"अर्धा किलो देवाचा," ते म्हणाले. "साडेबावीसच्या वर जायचं नाही. यल्ला, चला, उघडा बॅग."

आणि वाचकहो, मी उघडली! मी, ज्याने आयुष्यात कुणाच्या बापाचं ऐकलं नाही, त्याने भर लॉबीत, वॉचमनच्या साक्षीने, स्वतःचे लेंगे-बनियन उलटेपालटे करून सातशे ग्रॅम खजूर बाहेर काढला. खजूर वॉचमनने खाल्ला. देवस्थळी मला विमानतळावर सोडायला आले. मी त्यांना नाव विचारलं ते वाटेत.

जबल अली बंदरातल्या एका गोदामात, कंटेनरमध्ये कुठला माल कुठे रचायचा हे ठरवणं, हे त्यांचं काम. सव्वीस वर्षं हेच केलेलं. 'शेवटी लागणारं आधी भरा, आधी लागणारं शेवटी भरा' हा त्यांचा मंत्र, आणि तो गोदामापुरता राहिलेला नव्हता. त्यांच्या घरचा फ्रिज उघडला की डोळे पाणावावेत इतका तो रचलेला असे. एकदा आम्ही सगळे अल ऐनला सहलीला निघालो, तर त्यांनी सगळ्यांना गाडीतून उतरवलं आणि वजनाप्रमाणे पुन्हा बसवलं. मला म्हणाले, "कर्णिक हबीबी, तुम्ही मधे. कडेला बसलात तर गाडी कलेल." माझी मुलगी सई अल ऐनपर्यंत हसत होती.

पण त्यांचं खरं वेड होतं पोचवण्याचं. टॉवरमधून कुणीही भारतात निघो, काटा घेऊन देवस्थळी हजर. नवव्या मजल्यावरच्या मल्याळी कुटुंबाशी त्यांची ओळख एवढीच, की "सामान दिखाओ." तरी त्यांनाही पोचवलं. कुणाची सासू, कुणाचा साडू, सगळ्यांना. विमानतळावर जिथून पुढे प्रवासी दिसेनासे होतात तिथे ते हात वर करून उभे राहत. बाकीचे लोक टॅक्सीच्या रांगेकडे वळलेले असत, हे अजून उभेच.

"वळून बघणाऱ्याला कुणीतरी दिसलं पाहिजे हो," ते म्हणत.

त्यानंतर पार्किंगमध्ये बसून ते फोनवर ते विमान शोधत. ते जमिनीवरून सुटलेलं दिसलं, की म्हणत, "उडालं. खलास." मगच गाडी सुरू होई.

"अंकल इज सो एक्स्ट्रा, बाबा," सई म्हणायची. मलाही तसंच वाटायचं. मी त्यांची नक्कल करायचो, आणि फार छान करायचो. पार्ट्यांमध्ये लोक हट्टाने करायला लावायचे. आता करत नाही. का करत नाही, तेच सांगायला बसलोय.

देवस्थळींनी सगळ्या जगाला पोचवलं. एका माणसाला मात्र पोचवलं नव्हतं. त्यांची एकुलती एक मुलगी, ऋजुता.

हे आम्ही इथे यायच्या आधीचं, पाच वर्षांपूर्वीचं. ऋजुता पुढच्या शिक्षणासाठी अमेरिकेला निघाली होती. देवस्थळींची इच्छा होती की तिने जबल अलीत नोकरी करावी. ओळखीने मुलाखतही ठरवली होती. तिने ऐकलं नाही, म्हणून घरात आधीच धुसफूस. निघायच्या दिवशी त्यांनी तिची बॅग काट्याला लावली. बरोबर तेवीस किलो. त्यांनी बॅगेतून एक जाडी वही काढून ठेवली. शाळेपासून जमवलेली कात्रणं तिच्यात चिकटवलेली होती, सगळी याना-रॉकेटांची.

"कागद तिकडेही मिळतो."

तिने वही परत आत ठेवली. यांनी परत काढली. तिसऱ्या वेळेला ती म्हणाली, "बाबा, वजन बरोबर आहे."

"वजन मी ठरवतो."

"मग तुम्हीच जा."

ती टॅक्सीने गेली. तिची आई, मीनावहिनी, बरोबर गेली. हे काटा हातात धरून गॅलरीत उभे राहिले, खाली उतरले नाहीत. टॅक्सी समोरच्या तळ्याला वळसा घालून गेली तेवढी वरून दिसली. त्या दिवसापासून बाप-लेकीचं बोलणं बंद. त्यानंतर महिन्याभरातच त्यांनी पोचवायला जाणं सुरू केलं. पहिला मान खालच्या मजल्यावरच्या कुणाच्या तरी मेव्हण्याचा.

ऋजुताचा फोन यायचा तो मीनावहिनींना. तो आला की देवस्थळी उठून हॉलमधला एसी बंद करायचे. एसीच्या आवाजात आतलं बोलणं नीट ऐकू येत नसे. वहिनींनी हे पुढे माझ्या बायकोला, सुषमाला सांगितलं. "भर जुलैत घामाने निथळत बसतात, पण मला एक प्रश्न विचारत नाहीत." या बंद एसीतूनच त्यांना कळलं होतं, की ऋजुता आता एका खासगी कंपनीत आहे. ही कंपनी माणसांना अवकाशातल्या स्टेशनवर नेऊन आणते, आणि ऋजुता त्या यानात सामान रचण्याचं काम करते. कुठली पिशवी कुठे, किती वजनाची, कुठली आधी, कुठली शेवटी. म्हणजे बापाचंच काम! फक्त जबल अलीपेक्षा जरा उंचावर.

यातलं मला तेव्हा काही माहीत नव्हतं. हे वाक्य मी गेले कित्येक दिवस स्वतःला ऐकवतोय. फारसा उपयोग होत नाही.

तर त्या कंपनीचं यान निघायचं होतं. चार देशांचे चार अंतराळवीर, त्यात एक आपला भारतीय. टॉवरमधल्या सगळ्या मराठी मंडळींना देवस्थळींचा मेसेज आला: 'शनिवारी दुपारी आमच्याकडे यावे. पोचवायचे आहे.' आम्हाला वाटलं, देशप्रेम. गेलो. हॉलमध्ये खुर्च्या मांडलेल्या. टीव्हीसमोर टीपॉयवर वाटीत दही-साखर आणि चार चमचे.

"चार जण आहेत ना," देवस्थळी म्हणाले. "परदेशी असले म्हणून काय झालं? निघताना हातावर दही नको?"

ते स्वतः बसले नव्हते. टीव्हीपासून पाच फुटांवर, दोन्ही पाय जुळवून उभे होते. घड्याळ उलटं मोजत होतं. आणि थोडी मिनिटं उरलेली असताना ते थांबलं. आज उड्डाण नाही, एवढंच सांगितलं. कारण लगेच कळलं नाही. आम्ही त्या चौघांच्या वाट्याचं दही खाल्लं आणि घरी गेलो.

दुसऱ्या दिवशी लिफ्टमध्ये देवस्थळी भेटले. चेहरा उतरलेला. मी तर असल्या क्षणांची वाटच बघत असतो. मी आवाज खाली आणून म्हणालो, "देवस्थळीसाहेब, खरं कारण कळलं का? सामान जास्त झालं म्हणे. दोन किलो. कुणीतरी देवाचा अर्धा किलो ठेवायला विसरलं."

मला वाटलं, हसतील. ते हसले नाहीत. "कुणी सांगितलं?" त्यांनी विचारलं.

"आतली बातमी," मी म्हणालो आणि तळमजल्यावर शीळ घालत बाहेर पडलो. घरी येऊन सुषमाला आणि सईला साभिनय सांगितलं. सुषमा हसली. सई म्हणाली, "दॅट वॉज मीन, बाबा."

संध्याकाळी मीनावहिनी आमच्याकडे आल्या. त्या बसल्याही नाहीत. दारातच त्यांनी सुषमाला सगळं सांगितलं. वहीचं, टॅक्सीचं, ऋजुताच्या नोकरीचं. मी आतल्या खोलीत ऐकत होतो. देवस्थळींनी त्या दुपारी ऋजुताला मेसेज केला होता. पाच वर्षांतला पहिला. त्यात ना 'कशी आहेस', ना आशीर्वाद. फक्त एवढंच: 'वजन परत तपासून घे. अर्धा किलो ठेवला होतास का?'

दोन तासांनी तिचं उत्तर आलं होतं.

"ती मला फोनवर म्हणाली, इतक्या वर्षांनी त्यांना हेच लिहावंसं वाटलं का?" वहिनी म्हणाल्या. "आणि फोन ठेवून दिला. माझ्याशीसुद्धा बोलायचं नाही म्हणाली."

माणसाला आपल्या अक्कलहुशारीचा पत्ता लागायला कधीकधी अठ्ठेचाळीस वर्षं लागतात. मी चप्पल न घालता त्यांच्या दारात गेलो. देवस्थळींनी दार उघडलं. मी जे काही होतं ते एका दमात सांगून टाकलं: थट्टा होती, बातमीबितमी काही नव्हती, मला ठाऊक नव्हतं, माफ करा.

"वारा होता म्हणून थांबवलं," ते म्हणाले. "तिने लिहिलंय."

"मी तिला लिहू का? माझी चूक होती असं?"

"नको. तुम्ही मस्करी केलीत, ठीक आहे. पण कर्णिक, मला ती खरी वाटली ना. एका क्षणात खरी वाटली. माझ्या मुलीने मोजलेलं वजन चुकलं असणार, हे मला लगेच पटलं. त्यात तुमचा काय दोष?"

त्यापेक्षा त्यांनी मला दोन शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

मग त्यांनी फोन माझ्यापुढे धरला. ऋजुताने लिहिलं होतं: 'बाबा, वजन बरोबर होतं. वाऱ्यामुळे थांबलं. आणि तेव्हाही वजन बरोबरच होतं.' मी वाचलं आणि मान खाली घातली. त्यांनी मात्र पहिल्या शब्दावर बोट ठेवलं.

"'बाबा' लिहिलंय बघा," ते म्हणाले. "रागात आहे, तरी लिहिलंय."

"मग उत्तर द्या ना."

"काय देऊ? दोन दिवस विचार करतोय की तिच्याशी वजन सोडून काय बोलायचं असतं." दोन दिवस झालेच नव्हते, दोन तास झाले होते. पण मी दुरुस्ती केली नाही.

बुधवारी यान सुटलं. या वेळी कुणाला बोलावणं नव्हतं. मी आपण होऊन गेलो. देवस्थळी अर्धी रजा टाकून आले होते आणि टीव्हीपुढे तसेच पाय जुळवून उभे होते. ज्वाळा दिसल्या, यान वर चढलं, पातळ रेघ होऊन नाहीसं झालं. 'खलास' ते म्हणाले नाहीत. त्यांनी हात वर केला होता आणि तो बराच वेळ तसाच होता. वहिनींनी तो धरून खाली घेतला.

गुरुवारी दुपारी चारच्या सुमाराला यान स्टेशनला लागणार होतं. मी पुन्हा गेलो. माझं तिथे काही काम नव्हतं, पण घरात बसवेना. यान हळूहळू सरकत स्टेशनला चिकटलं. मग बराच वेळ काहीच नाही, नुसतं बंद दार. देवस्थळींना हे माहीत नव्हतं. त्यांच्या हिशेबात विमान सुटलं की काम संपायचं. त्यापुढचं त्यांनी कधी बघितलंच नव्हतं.

दार उघडलं. एकेक करून चौघे तरंगत आत आले. स्टेशनवर आधीपासून राहणारी माणसं दाराशी दाटीवाटी करून थांबली होती. आत येणाऱ्या प्रत्येकाला त्यांनी हाताला धरून ओढून घेतलं, मिठ्या मारल्या, पाठ थोपटली.

"घ्यायला आलेत," देवस्थळी म्हणाले.

ते खुर्चीवर बसले. आम्ही सगळेच टीव्हीकडे बघत होतो. मग त्यांनी विचारलं, "मीना, ऋजुता तिकडे उतरली तेव्हा तिला घ्यायला कोण आलं होतं?"

वहिनींनी चहाचे कप खाली ठेवले. "कोणी नाही. दोन्ही बॅगा ओढत एकटीच बाहेर आली. पहिली बस चुकली. दुसरी तासाने होती. थंडीत उभी होती."

"मला कधी कळलं नाही."

"तेव्हा अजून तुम्ही एसी बंद करायला लागला नव्हतात," वहिनी म्हणाल्या. आवाज चढलेला नव्हता.

देवस्थळींनी खिशातून फोन काढला. एका बोटाने, एकेक अक्षर शोधत ते लिहू लागले. मी वाकून बघितलं. माझी सवय गेलेली नाही. त्यांनी लिहिलं होतं: 'तुला घ्यायला कोणी नव्हतं, हे मला आज कळलं.' पुढे अजून काहीतरी लिहिलं, खोडलं, पुन्हा लिहिलं, पुन्हा खोडलं. शेवटी तेवढंच पाठवलं आणि फोन टीपॉयवर उलटा ठेवला.

टीव्हीवर आपला अंतराळवीर हिंदीत काहीतरी बोलत होता. आम्ही चहा प्यायलो. वहिनी कप विसळायला आत गेल्या.

टीपॉयवर फोन वाजला. देवस्थळींनी तो सुलटा केला, नाव बघितलं आणि लगबगीने उठून स्वयंपाकघराच्या दाराशी गेले.

"मीना, अगं ऋजुताचा फोन. घे लवकर, तुझा वाजतोय."

नळ बंद झाल्याचा आवाज आला.

"माझा इथे माझ्यासमोर आहे," वहिनी म्हणाल्या. "तो तुमचा आहे."