अण्णांचं तिसरं रीडिंग

दर रविवारी सकाळी नाष्टा झाला की मल्लेशम अण्णा सोलापूरचं गुरुत्वाकर्षण जागेवर आहे की नाही ते तपासतात. मुलीच्या पाळण्यासाठी छताला ठोकलेला हूक अजून शाबूत आहे. त्याला दोरा, दोऱ्याला लोखंडी गोळा आणि हातात काट्याचं जुनं स्टॉपवॉच. वीस झोके मोजायचे, वेळ लिहायची. "सरकलं बिरकलं असलं तर? बघायला काय जातंय!" आजवर ते सरकलेलं नाही. त्याचं श्रेय अण्णा स्वतःकडे घेत नाहीत, हा त्यांचा मोठेपणा.

अण्णा आमच्या कॉलेजात फिजिक्सच्या लॅबमध्ये अटेंडंट होते. वडील यंत्रमागावर, घरात तेलुगू, शिक्षण दहावी, आणि नजर अशी की जी बारीक रेघ आम्ही भिंगातून शोधत बसायचो ती हे नुसत्या डोळ्यांनी सांगायचे. त्या नजरेचा त्यांना भारी तोरा! आणि एक नियम: कुठलंही रीडिंग तीनदा. कांद्याचा भाव तीनदा विचारणार, कुलूप तीनदा ओढून बघणार. "पोरगी बघायला बी तीनदा गेलतो," ते सांगायचे. "तिसऱ्या खेपेला सासूनं चहा दिला न्हाय. पण रीडिंग पक्कं झालं की!"

आता माझं सांगतो. मी भौतिकशास्त्रज्ञ आहे. हा शब्द आमच्या गल्लीत कुणी पुरा उच्चारत नाही. पुण्यात सात वर्षं घासून पीएच.डी. केली. विषय: एक स्फटिक थंडीत किती आकसतो. फार थोडा आकसतो. सुट्टीला घरी आलो की शेजारच्या काकू बिघडलेला मिक्सर घेऊन येतात. तो मला दुरुस्त करता येत नाही. मग "एवढं शिकून..." म्हणून काकू थांबतात आणि पुढचं वाक्य आई मनातल्या मनात पूर्ण करते.

या थोर कारकिर्दीची सुरुवात चोरीनं झाली. बी.एस्सी.च्या पहिल्या वर्षाला लोलकावरून गुरुत्वाकर्षण मोजायचा प्रयोग होता. उत्तर पुस्तकात छापलेलंच होतं, नऊशे ऐंशी. मग लोलक हलवायचे कष्ट कशाला? मी उत्तरावरून उलटं गणित करत रीडिंगं बनवली, आलेख काढला, सगळे ठिपके कसे रेघेवर. जर्नलं गोळा करताना अण्णांनी माझं पान बघितलं.

"लई सरळ आलंय की रे. एवढं सरळ देवाला बी येत न्हाय."

माझे कान तापले. सगळी पोरं घरी गेली, अण्णा स्टुलावर बसून राहिले आणि मी सहा वाजेपर्यंत झोके मोजले. उत्तर आलं नऊशे एकसष्ट. मी रडकुंडीला, अण्णा खूश. "नऊशे ऐंशी पुस्तकाचं. हे तुझं हाय. लिही!" सरांनी मार्क कापायचे ते कापलेच. पण खरं सांगतो, फिजिक्सची गोडी मला त्या संध्याकाळी लागली. पुढं जो काही झालो, त्या आकसलेल्या स्फटिकासकट, त्याला हा माणूस जबाबदार आहे.

गेल्या दिवाळीत त्यांच्याकडे गेलो. त्यांच्या बायकोला जाऊन चार वर्षं झाली, मुलगी हैदराबादला, अण्णा एकटेच. त्यांनी चहा ओतला तो निम्मा कपात, निम्मा टेबलावर. "कप हलला," म्हणाले. कप हलला नव्हता.

"बरा रविवारी आलास. रीडिंग ऱ्हायलंय. मी सांगतो, तू लिही."

त्यांनी गोळा सोडला. विसाव्या झोक्याला बटण दाबलं आणि स्टॉपवॉच पार नाकाला लावलं. "तीस पूर्णांक दोन." काटा चाळीसच्या जरासा पुढं होता. मी गुपचूप चाळीस पूर्णांक एक लिहिलं. दुसऱ्यांदा म्हणाले छत्तीस, तिसऱ्यांदा अठ्ठेचाळीस. माझं आपलं चाळीस पूर्णांक एक. ज्या नजरेचा एवढा तोरा, ती गेली हे त्यांना माझ्या तोंडून कळू नये, एवढंच मला वाटत होतं.

"वाच आता."

मी वाचलं. अण्णा खदाखदा हसायला लागले.

"तीनदा एकच? अय्यो, देवाला बी येत न्हाय!"

वीस वर्षांनी, मी पीएच.डी. झाल्यावर, त्याच माणसानं त्याच चोरीत मला पकडलं. कानसुद्धा तसेच तापले.

"मी अंदाजानं ठोकत हुतो," अण्णा म्हणाले. "काटा कुटं दिसतोय मला? खोड ते. मी बोललो ते लिही. चुकलेलं हाय, पण माझं हाय."

मी खोडलं. तीस पूर्णांक दोन, छत्तीस, अठ्ठेचाळीस. अण्णांनी हवेत चाचपत दोरा शोधला आणि गोळा थांबवला.

"काचबिंदू म्हणत्यात. दोन डॉक्टर झाले, दोघं बी तेच. गेली ती नजर परत येत न्हाय म्हणं."

"आणि तिसरा?"

"नियम हाय की. जायला तर पायजे." ते दोरा बोटाला गुंडाळत राहिले. "त्या दोघांकडं एकटाच गेलतो रे. तिसऱ्याकडं एकट्यानं जाऊ वाटंना. चलतोस का?"

सोमवारी आम्ही गेलो. रिक्षात अण्णा माझा दंड घट्ट धरून बसले होते. डॉक्टरांनी त्यांची हनुवटी मशीनवर टेकवली, दिवा लावला आणि बघायला लागले. मी मागं उभा होतो. रीडिंग आपल्या मनासारखं यावं म्हणून शास्त्रज्ञानं देवाला साकडं घालायचं नसतं, हे मला याच माणसानं शिकवलंय. तरी मी घातलं. म्हटलं, देवा, हे तिसरं तेवढं पहिल्या दोघांशी जुळू देऊ नको.