तुलनेच्या गावातला चष्मा

नानांच्या शर्टाच्या खिशात पेन नसायचं, उडदाची डाळ असायची. छोट्याशा पुडीत मूठभर डाळ आणि तिच्यात मोजून पाच पांढरे खडे. सर्वेक्षणाला एखाद्या घरी गेलो की मी पुस्तकी आवाजात विचारायचो, "जवळचं पाहताना आपल्याला कितपत अडचण येते? अजिबात नाही, थोडी, बरीच की खूप?" समोरची बाई गोंधळून चहा ठेवायला उठायची. मग नाना रुमाल पसरत, त्यावर पुडी रिकामी करत आणि म्हणत, "अक्का, खडे काढा." तेवढ्यात त्यांना उत्तर मिळालेलं असे. उठताना मात्र हात पुढे यायचा. "खडे परत द्या. मोजलेले आहेत."

लिहायला ते माझं पेन घेत. ते मात्र परत देत नसत.

नाना जळगावच्या मेहरूण भागात एकटे राहणारे निवृत्त प्राथमिक शिक्षक. जनगणना, मतदारयाद्या, गुरांची मोजणी, सगळं करून झालेलं. मी पुण्याहून मूल्यमापनाची पदवी घेऊन जळगावला आलेलो. योजना दुसऱ्यांनी राबवायची आणि तिचा उपयोग झाला का, ते मी सांगायचं, असं माझं काम. सासऱ्यांना हे समजावलं तेव्हा ते म्हणाले, "म्हणजे स्वतः काही करायचं नाही." त्यानंतर मी समजावणं सोडलं.

तेव्हाची योजना साधी होती. एका संस्थेने पन्नाशीपुढच्या बायकांना जवळचे चष्मे फुकट वाटायचे ठरवले होते. एका गावाला आधी दिले. पारोळ्याच्या पुढे, धुळ्याच्या रस्त्यावरच्या दुसऱ्या गावाला वर्षभर काहीच द्यायचं नव्हतं. फरक दिसला तर पुढच्या वर्षी त्यांनाही चष्मे. हे आमचं तुलनेचं गाव.

"म्हणजे यांना न देऊन काय होतं ते बघायचं?" नानांनी विचारलं.

मी फळ्यावर दोन चौकोन काढून अर्धा तास शास्त्र सांगितलं. नानांनी शांतपणे ऐकलं आणि म्हणाले, "चौकोन बरे शे, साहेब."

वर्षाने दुसरी फेरी नानांनी एकट्याने केली. चष्म्याच्या गावात बायका पटापट खडे काढू लागल्या होत्या. तुलनेच्या गावातही तितक्याच पटापट! एखाद्या शहाण्या माणसाने जाऊन बघितलं असतं. मी खुर्चीत बसून "व्यापक सामाजिक घटक" या नावाचं सहा पानी प्रकरण लिहिलं. योजनेचा परिणाम आढळत नाही, सबब ती पुढे वाढवू नये, असा शेवट केला आणि खूश होऊन नानांना वाचून दाखवला.

नानांचा चेहरा पडला. "म्हणजे त्या गावाला चष्मे नाहीत?"

"कुणालाच नाही."

"उद्या माझ्यासोबत चला," एवढंच ते म्हणाले.

दुसऱ्या दिवशी एसटीने तुलनेच्या गावाला गेलो. आमच्या यादीतल्या यमुनाअक्का ओट्यावर गोधडी शिवत होत्या. नाकावर काळ्या काड्यांचा जुना चष्मा.

"हा कुठून आला?" मी विचारलं.

"नानासनी दिना ना, भाऊ. एकच शे, बठ्ठी गल्ली पाळीपाळीनं लावस."

म्हणजे सगळी गल्ली एकाच चष्म्यावर! चाचणीच्या दिवशी एकीचे खडे काढून झाले की चष्मा मागच्या दाराने पुढच्या घरी पोचत होता. नाना खाली मान घालून उभे होते. "मी खोटं अक्षर लिहिलं नाही, साहेब. खडे त्यांनीच काढले. चष्मा कुणाचा, हे तुम्ही विचारलंच नव्हतं."

खरंच नव्हतं विचारलं. त्या प्रश्नावलीत बेचाळीस प्रश्न होते. कोंबड्या किती, हेही विचारलं होतं.

"मला कामावरून काढा," नाना म्हणाले, "पण माझ्यापायी यांचे चष्मे घालवू नका."

मी तिथेच ओट्यावर बसून अहवालाचा शेवट खोडला. तुलना फसली, दोष प्रश्नावली करणाऱ्याचा. एका चष्म्यावर गल्ली चालली, तेव्हा चष्मा उपयोगी आहे. गावाला लवकर द्यावेत. खोडताना मला स्वतःची मनापासून लाज वाटली, आणि हलकंही वाटलं.

"पण नाना, हा चष्मा कुणाचा?"

अक्काच म्हणाल्या, "त्यासनी बायकोना शे. ती गयी ना दोन वरीस पहिले. नाना दर रविवारले येतस, चष्मा पुसीसन देतस, घडीभर बसतस आन जातस."

"घरी फडताळात होता," नाना हळूच म्हणाले. "रोज पुसायचो. पण त्यातून कुणी बघत नव्हतं." "साहेब, यांना नवे मिळाले की हा परत येईल ना?"

"येईल की, नाना."

"मग रविवारी मी कुठं जाऊ?"

अक्कांनी सुई गोधडीत खोचली, चष्मा काढून नानांच्या हातात दिला आणि चुलीकडे वळता वळता म्हणाल्या, "रविवारले जेवाले या. चष्म्यासाठी कोन बोलावस तुमले?"