शेवटच्या गाडीची नायिका

"अहो, एवढं मोठं काळीज देताय, पन माज्याकडं सुट्टं न्हाई," दारातच मला बारीक, लाजरा आवाज ऐकू आला.

आवाज आमच्या शेजारच्या अण्णांचा. अंगानं दांडगे, मिशा पांढऱ्या, सगळा जन्म एसटीत कंडक्टर म्हणून गेलेला. आता श्रीरामपुरात घरी बसून ते रविवारी टीव्हीवर जुने मूकपट लावतात आणि नायिकेचे संवाद स्वतः म्हणतात. आठवडाभर लॅपटॉपपुढे बसून माझे डोळे शिणलेले असतात. पण "प्याशिंजर नसल्यावर गाडी कशी सोडू, पोरी?" असा निरोप आला की नाही म्हणायचाही कंटाळा येतो. मी जाऊन बसते.

बाईचंच काम का, असं मी एकदा माझ्या परप्रांतीय, मोडक्यातोडक्या मराठीत कसंबसं विचारलं होतं.

"आगं, त्या वक्ताला हिरॉइनबी बाप्याच असायचा. मिशी काढून. आपली ऱ्हाऊ दे."

नायक माईंकडे असायचा, म्हणजे त्यांच्या बायकोकडे. पदर खोचून, घोगरा आवाज काढून त्या बोलायच्या. प्रेमाचं बोलणं मात्र त्यांना जमायचं नाही. नायिका विरहानं अर्धमेली झालेली असायची आणि माईंचा नायक विचारायचा, दळण आणलंस का. अण्णा खोकला लागेपर्यंत हसायचे.

माईंना जाऊन वर्ष होत आलं. तेव्हापासून नायक नुसतेच ओठ हलवतो. त्याचं तो बघंल, म्हणतात अण्णा.

परवाच्या चित्रपटात नायक खुर्चीत झोपला होता. धुरातून नायिका त्याच्या स्वप्नात आली, हात पसरून उभी राहिली.

"अहो, किती येळ उभी ऱ्हाऊ?" अण्णा बारीक आवाजात म्हणाले. "शेवटची गाडीबी भरली."

नायकानं मान वर केली, ओठ हलले. अण्णांनी रिमोट उचलला आणि चित्र मागं नेलं. पुन्हा धूर, पुन्हा नायिका, पुन्हा तोच प्रश्न. नायक बोलायला लागला की ते पुन्हा मागं नेत. चित्रपट काही पुढं सरकेना.

मग त्यांनी तोच प्रश्न विचारला, पण आवाज बारीक राहिला नाही. त्यांचा स्वतःचाच निघाला. या वेळी रिमोट मांडीवरच राहिला.

मी मराठीत बोलण्याआधी मनात वाक्य जुळवून बघते आणि बहुतेक वेळा तिथंच ठेवून देते. त्या दिवशी जुळवत बसले नाही. घसा खाकरला आणि जमेल तितक्या घोगऱ्या आवाजात म्हणाले,

"बस गं. रुमाल टाकून जागा धरलीय."