सामाईक फाइल

रघुनाथ चौबळांनी संगणकाला हात लावायचा नाही, हा नियम अनसूयाबाईंनी संगणक घरात आला त्याच दिवशी करून टाकला होता आणि दोन वर्षं तो बिनबोभाट पाळलाही गेला होता. रोह्यात त्यांचा छापखाना. पुढे दुकान, मागच्या पडवीत जनू चालवायचा ते छपाईचं मशीन, आणि मधल्या खोलीत, जिथे पूर्वी शिशाच्या खिळ्यांचे लाकडी खण होते तिथे, झालरीचं आवरण घातलेला संगणक. मराठी अक्षरजुळणी अनसूयाबाई करायच्या. रघुनाथराव मुद्रितं तपासायचे, गिऱ्हाइकांशी वाद घालायचे आणि फार तर आवरणावरची धूळ झटकायचे.

त्या मंगळवारी अनसूयाबाई खांब गावी बहिणीकडे पापड लाटायला गेल्या. लेकीचं, उर्वीचं लग्न वीस दिवसांवर आलं होतं. निघताना त्या म्हणाल्या, "पत्रिका जुळवून झालीय. संध्याकाळी आले की बटर पेपरवर काढते, उद्या जनू मशीनवर घेईल. तोवर तुम्ही त्या पडद्याकडे बघायचंसुद्धा नाही."

रघुनाथरावांनी दहा वाजेपर्यंत बघितलं नाही. पण पत्रिकेतला एक शब्द त्यांना स्वस्थ बसू देईना. 'आपले नम्र'च्या खाली अनसूयाबाईंनी सवयीनं 'व समस्त चौबळ परिवार' असं घातलं होतं. समस्त म्हटलं की त्यात पेणचा दत्तात्रेय आला. दत्तात्रेय म्हणजे सख्खा चुलतभाऊ, चार महिन्यांनी धाकटा. वडिलोपार्जित जमिनीतल्या सामाईक विहिरीवरून दोघांचा अकरा वर्षं दावा चालू होता. विहिरीला पाणी फेब्रुवारीपर्यंतच असायचं, दाव्याला बारा महिने. 'समस्त' काढ, असं रघुनाथरावांनी तीनदा बजावलं होतं. तिनं काढलं का, एवढंच बघायचं होतं.

त्यांनी बटण दाबलं. पडदा उजळला आणि पत्रिकेऐवजी आधी एक चौकट आली: डिस्कवरची जागा संपत आली आहे.

"जनू, जागा संपली रे याच्यातली," रघुनाथरावांनी मागच्या पडवीकडे तोंड करून सांगितलं.

जनू हात पुसत आला. खाडीकाठच्या गावचा, पन्नाशीचा माणूस, मशीनच्या आवाजावरून कुठला स्क्रू सैल झालाय ते सांगणारा. "मंग काय तरी भायेर काढा की. आमच्या घरान जागा नसली की आमी तेच करतो."

हे रघुनाथरावांना पटलं. भायेर काढण्याजोगी एक वस्तू त्यांना माहीतही होती. मागे एक विक्रेता नमुना म्हणून कुक्कुटपालनाचा प्रोग्रॅम घालून गेला होता. छापखान्यात कोंबड्या नव्हत्या. काढायचं कसं तेही त्यांनी अनसूयाबाईंना करताना पाहिलं होतं. त्यांनी दोन-चार ठिकाणी टिचकी मारली, कोंबड्या निघायला लागल्या, आणि अर्ध्यात काम थांबून एक चौकट उभी राहिली.

"काय म्हनतोय?" जनूनं विचारलं.

रघुनाथरावांनी चष्मा लावून वाचलं. "म्हणतोय, ही शेअर्ड फाइल आता कोणी वापरत नाही असं दिसतंय. काढून टाकू का?"

"शेअर म्हंजे काय वो?"

"सामाईक," रघुनाथराव म्हणाले, आणि तो शब्द उच्चारताच त्यांचा चेहरा कोर्टाच्या तारखेला होतो तसा झाला.

"त्याच्याखाली पन बरंच लिवलेलं हाय. मना इंग्रजी येत नाय, पन बारीक अक्षरान लिवतात ते कामाचं असतं."

"सामाईक म्हटल्यावर वाचायचं काय? अकरा वर्षं वाचतोय. या घरात सामाईक काही ठेवायचं नाही." समोर तीन बटणं होती: होय, सगळ्यांना होय, नाही. रघुनाथरावांनी 'सगळ्यांना होय' दाबलं. गुरगुर करत सगळं एका मिनिटात आटोपलं. जागा झाली. ते खुर्चीत मागे रेलले आणि अकरा वर्षांत प्रथमच एखादा निकाल आपल्या बाजूनं लागल्यासारखे हसले.

मग त्यांनी पत्रिका उघडायला घेतली. मराठीचा प्रोग्रॅम उघडेचना. एक फाइल सापडत नाही, एवढंच तो सांगे. कितीही वेळा टिचकी मारली तरी तेच, आणि फाइलीचं नावही असं की त्यात एकसुद्धा स्वर नव्हता.

दादरहून ज्या माणसानं प्रोग्रॅम बसवला होता त्याला त्यांनी फोन लावला. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं. "साहेब, ती फाइल कोंबडीवाल्यांची पण होती आणि आमची पण. दोघांत एक. आमचा प्रोग्रॅम तिच्यावर आपलं नाव नोंदवत नाही, म्हणून कोंबड्या गेल्यावर संगणकाला वाटलं, आता ही कोणाला नको. खाली बारीक अक्षरात ताकीद असते बघा."

"ते राहू द्या. आता काय करू?"

"मूळच्या फ्लॉप्या असतील ना तुमच्याकडे?"

फ्लॉप्या होत्या. पण रोह्याचे दोन पावसाळे त्यांनी काढले होते, आणि तिसरीवर पांढरी बुरशी आली होती. नेमकी ती फाइल तिसरीत.

"मग आमचा माणूस येईल, पण पुढच्या सोमवारी. नाहीतर असं करा, तुमच्या जवळ आमचं आणखी एक गिऱ्हाईक आहे. त्याच्याकडून फाइल घ्या, फ्लॉपीवर मावते. थांबा, नाव बघतो... पेण. डी. व्ही. चौबळ. अरे, तुमच्याच आडनावाचे! नात्यातले का?"

"नाही," रघुनाथराव म्हणाले. मग चष्मा काढून म्हणाले, "चुलतभाऊ."

अनसूयाबाई चार वाजता पापडांचा डबा घेऊन आल्या. त्यांनी सगळं उभ्यानंच ऐकलं. आरडाओरडा केला नाही, त्यामुळे रघुनाथराव जास्तच घाबरले.

"सोमवारपर्यंत थांबलो तर पत्रिका वाटायच्या कधी? मुलाकडच्यांना परवा द्यायच्यात."

"तू जरा दत्तूला फोन करतेस का? तुझ्याशी तो बरा बोलतो."

"मी नाही. दाबलंत तुम्ही, जाल तुम्ही." त्यांनी पर्समधून एक कोरी फ्लॉपी काढून नवऱ्याच्या हातात ठेवली. "आणि हिला खिशात चाव्यांबरोबर ठेवू नका."

सकाळच्या एसटीनं रघुनाथराव पेणला पोचले. दत्तात्रेय शाळेतून निवृत्त झालेला चित्रकलेचा मास्तर. घराच्या ओट्यावरच त्यानं पत्रिका, लेटरहेडं जुळवून द्यायचा उद्योग मांडला होता. दारात रघूला बघून त्याला वाटलं, कोणी तरी गेलं.

"कोण रे?"

"कोणी नाही. सगळे ठणठणीत आहेत. एका फाइलीचं काम होतं."

"दाव्याची फाइल वकिलाकडे असते."

"ती नव्हे रे. संगणकाची." रघुनाथरावांनी हकिगत सांगितली. सांगताना 'शेअर्ड' शब्द त्यांनी इंग्रजीतच ठेवायची खबरदारी घेतली होती. पण दत्तात्रेय मास्तर होता.

"शेअर्ड म्हणजे सामाईक ना?" त्यानं बायकोला हाक मारली. "चंद्रावती, चहा ठेव गो. रघूनं सामाईक वस्तू काढून टाकली आणि त्याचं स्वतःचंच बंद पडलं. रघू, परत एकदा सांग, हिनं ऐकलं नाही."

रघुनाथरावांनी परत एकदा सांगितलं. चहा प्याले. चंद्रावतीबाईंनी चहाबरोबर पोह्याचे पापडही दिले, ते खाल्ले. तिसऱ्यांदा सांगायची वेळ येईल असं दिसू लागलं तेव्हा म्हणाले, "देतोस का फाइल?"

"देतो की. माझं काय जातंय? पण मला एक सांग, उर्वीच्या पत्रिकेत माझं नाव आहे?"

रघुनाथराव खिशातली फ्लॉपी काढून पुसू लागले.

"समस्त तरी आहे?"

"होतं," रघुनाथराव म्हणाले. "काढायला लावलं."

दत्तात्रेयाचा खट्याळपणा एकदम उतरला आणि तो कपातल्या सायीकडे बघत बसला. उर्वी लहान असताना तिला पाटीवर मोर काढायला त्यानंच शिकवलं होतं. रघुनाथरावांना ते आठवलं आणि भांडण झालं असतं तर बरं, असं त्यांना वाटून गेलं.

"घालतो," ते म्हणाले. "तुझं आणि चंद्रावतीचं. काका-काकू म्हणून, स्वतंत्र ओळीत."

"विहिरीचं मी सोडणार नाही हं."

"मी कुठे सोडतोय?"

अशी तडजोड झाली. दत्तात्रेयानं फ्लॉपी घातली, फाइल शोधली आणि चित्रकलेच्या मास्तराला जी खूण ओळखीची वाटली तीच, कात्रीची, दाबली. मग फ्लॉपीत जाऊन ती चिकटवली. "झालं," तो म्हणाला. "माझ्या हाताखालून किती कातरकाम गेलंय."

दुपारी रोह्यात मराठीचा प्रोग्रॅम पहिल्याच टिचकीला उघडला. अनसूयाबाईंनी काका-काकूंची ओळ घातली, 'समस्त'सुद्धा न विचारता परत घातलं, आणि दुसऱ्या दिवशी दहाच्या आत जनूनं तीनशे पत्रिका छापून वाळत टाकल्या. रघुनाथराव पहिली पत्रिका देवापुढे ठेवून वळतात तो दारात दत्तात्रेय, घामाघूम, हातात पिशवी.

"माझी फाइल दे."

"दिलीस ना कालच."

"दिली नाही रे, गेली! माझा प्रोग्रॅम सकाळपासून उघडत नाही. त्या दादरवाल्यानं विचारलं, कात्री दाबलीत का? म्हटलं हो. तर म्हणाला, मग ती नक्कल नाही झाली, मूळच उचलून दिलीत."

रघुनाथरावांच्या लक्षात यायला दोन क्षण लागले. मग ते खुर्ची ओढून निवांत बसले. "म्हणजे जिल्ह्यातल्या या भागात ती फाइल आता माझ्याकडेच आहे."

"रघू, ती माझी आहे!"

"सामाईक आहे."

"फाइलीत सामाईक आणू नकोस!"

"आनली कोनी?" वाळलेल्या पत्रिका गोळा करता करता जनू म्हणाला.

तोवर आत अनसूयाबाईंनी नवी फ्लॉपी घालून नक्कल काढलीसुद्धा होती. त्यांनी ती दत्तात्रेयाच्या हातात दिली. "घ्या भावोजी. मूळ इथेच आहे, आता कात्री लावलीत तरी चालेल. आणि या पत्रिका. पेणच्या घरांची आमंत्रणं तुम्ही दोघांनी करायची, यांना तिकडचे पत्ते माहीत नाहीत."

दत्तात्रेयानं पत्रिका उघडली, आपली ओळ दोनदा वाचली, वेलांटी तपासली आणि न जेवता जायचं ठरवून आलेला माणूस जेवून तीनच्या एसटीनं गेला.

साडेपाचला दुकानातला फोन वाजला.

"रघू, मी पेणहून. फाइल टाकली, पण काही हललंसं दिसलं नाही, म्हणून परत टाकली. आता तो विचारतोय, अशी एक फाइल इथे आधीच आहे, तिच्या जागी ही ठेवू का? काय दाबू? होय की नाही?"

अकरा वर्षांत दत्तात्रेयानं त्यांचं मत प्रथमच विचारलं होतं. रघुनाथरावांनी घसा साफ केला. एक ठाम उत्तर त्यांच्या जिभेवर आलंही.

"खाली बारीक अक्षरात काही आहे?" त्यांनी विचारलं.

"आहे."

"मग थांब. कशालाही हात लावू नकोस. अनसूया आंघोळीला गेलीये."

"बरं," दत्तात्रेय म्हणाला. "माउसवरचा हात काढू?"

"काढ."

आणि एसटीडीचे आकडे पळत असताना, पेणला आणि रोह्याला एकेक चौबळ फोन कानाला धरून, न्हाणीघराचं दार वाजायची वाट बघत बसून राहिला.