सडवेळचा शत्रू

सडवेळच्या किनाऱ्यावरच्या बंकरला समोर शत्रू लागतो, आणि दुसऱ्या महायुद्धापासून हे काम चोगल्यांच्या घराकडे आहे.

बंकर लष्कराने बांधला. समुद्रातून शत्रूची जहाजं येतील म्हणून सुरूच्या बनापुढे, वाळूत, बंदुकीपुरती एक आडवी फट ठेवून. जहाजं काही आली नाहीत. वाट बघून बघून बंकर हळूहळू गावाकडे वळायला लागला. तेव्हाच्या सुभेदाराने गावकऱ्यांना सांगितलं, याला कोणीतरी द्या, नाहीतर तो आपला आपण शोधेल. तेवढ्यात चोगल्यांच्या प्रांजलचे पणजोबा मासळी घेऊन परतत होते. बंकर मागे फिरला आणि फट त्यांच्या होडीवर येऊन थांबली. नेमणूक झाली. पुढे युद्ध संपलं, लष्कर बंदूक उचकटून घेऊन गेलं. बंकर राहिला आणि शत्रूही राहिला.

काम तसं अवघड नव्हतं. रोज संध्याकाळी होडी फटीसमोर न्यायची आणि सूर्य बुडेपर्यंत तिथेच धरायची. अवघड होतं ते बाकीचं. बंकरला खोटा शत्रू चालत नसे. एकदा कुणाच्या लग्नात चोगल्यांना गावाच्या पंगतीत बसवलं, तर सकाळी फट वीतभर देवळाकडे सरकलेली. तेव्हापासून गाव जपून वागे. चोगल्यांचं पान वेगळं, त्यांची विहिरीवरची वेळ वेगळी आणि देवळाच्या ओट्यावर त्यांनी बसायचं नाही.

"आमच्या मनात काही नाही हो," जो तो म्हणे. "बंकरसाठी करावं लागतं."

शेजारची शेवंतीमावशी तेवढी वेगळी. एकटी बाई. सणासुदीला केळीच्या पानात मोदक बांधून मधल्या दगडी गडग्यावर ठेवायची आणि सगळ्या वाडीला ऐकू जाईल असं ओरडायची, "मांजरासाठी ठेवलंय गो!"

प्रांजल रत्नागिरीहून बी.ए. होऊन परतली, त्याच महिन्यात तिच्या वडिलांची, धाकू चोगल्यांची छाती दुखायला लागली. डॉक्टरांनी समुद्र बंद केला.

"आता तू ने होडी," धाकू म्हणाला.

"मी शत्रू होणार नाही, बाबा."

"मग कोण होणार?"

"गावकरी."

धाकूने दारातून देवळाकडे पाहिलं. मग म्हणाला, "मला एकदा ओट्यावर बसायचं होतं गो. संध्याकाळचं. जन्मभर समुद्रातनं गाव बघितलं. गावातनं समुद्र कसा दिसतो, ते बघायचं होतं."

त्याला ओट्यावर बसवायचंच, असं प्रांजलने ठरवलं. ती ग्रामसभेला गेली. शत्रूला आत येता येत नसे, म्हणून ती खिडकीच्या गजांना धरून उभी राहिली.

"उद्यापासून होडी जाणार नाही," ती म्हणाली.

"रजा पाहिजे तर घे," सरपंच भिकाजी मयेकर म्हणाले. "गणपतीचे दिवस सोडून कधीही."

"रजा नको. युद्ध संपलंय, काका."

"आम्हाला ठाऊक आहे गो. त्याला कुठे ठाऊक आहे?"

"मग वळू दे त्याला. कोणाकडे बघतो ते एकदा कळू तरी दे!"

मागून एक जण म्हणाला, "वळला तरी आपल्याकडे थोडाच बघेल? आपण त्याचीच माणसं." हे सगळ्यांना पटलं. होडी बंद करायचा ठराव मंजूर झाला.

दुसऱ्या दिवशी होडी वाळूवरच राहिली. सूर्य बुडाला आणि जातं फिरावं तसा आवाज करत बंकर वळू लागला. त्याचीच माणसं फटीपुढून पळत त्याच्या पाठीशी जाऊन उभी राहिली. फट देवळावरून गेली, शाळेवरून गेली. चोगल्यांच्या घरावरून जराही न अडखळता पुढे गेली आणि शेवंतीमावशीच्या अंगणावर थांबली. मावशी सुकट पाखडत होती.

"मी काय केलं?" तिने विचारलं.

"तू कुठे काय केलंस?" सरपंच समजुतीने म्हणाले. "चोगल्यांनी तरी काय केलं होतं?"

जमिनीवरच्या शत्रूला होडी लागत नाही. संध्याकाळी अंगणात फटीकडे तोंड करून बसलं की झालं. बाकीचे नियम तयारच होते. चोगल्यांची विहिरीवरची वेळ मावशीला मिळाली.

"हे मी मागितलं नव्हतं," प्रांजल सरपंचांवर ओरडली.

"तू बापासाठी मागितलंस. मिळालं ना?"

मिळालं होतं. धाकू रोज ओट्यावर बसू लागला. सप्ताहाच्या पंगतीत त्याला मधोमध पाट दिला. वाढप सुरू झालं तेव्हा शेवंतीमावशी आपलं पान घेऊन कडेला उभी होती. कुठे बसायचं, हे तिला अजून नीट कळलं नव्हतं. ती धाकूजवळ आली. धाकूने आपलं पान स्वतःकडे ओढून घेतलं.

"वहिनी, जरा पलीकडे," तो म्हणाला. "आमच्या मनात काही नाही."

प्रांजल भरल्या पानावरून उठली. किनाऱ्यावर जाऊन तिने एकटीने होडी लोटली आणि बापाच्या जागी नेऊन धरली. समोर बंकरची पाठ होती, शेवाळाने काळी पडलेली.

"मी इथे आहे!" ती ओरडली. "चोगल्यांची मुलगी! इकडे बघ!"

सूर्य बुडेपर्यंत ती ओरडत होती. बंकर वळला नाही. त्याला शत्रू मिळाला होता.

घरी येऊन तिने गडग्यावर केळीचं पान ठेवलं. "मांजरासाठी ठेवलंय, मावशी!"

पलीकडून हळू आवाज आला, "उचल ते. तो सरकला तर पुन्हा तुमच्याकडे बघेल. बापाला बसू दे थोडे दिवस."

प्रांजलने पान उचललं नाही. सकाळी ते तसंच होतं, मुंग्या लागलेलं.

त्या संध्याकाळी ऊन कलायच्या आत शेवंतीमावशी अंगणात येऊन बसली. पदर सारखा केला, फटीकडे तोंड केलं. ओट्यावरून धाकूने तिच्याकडे पाहिलं. समुद्र त्याच्या समोरच होता.

"वेळेवर बसते हो," तो शेजारच्यांना कौतुकाने म्हणाला. "मला कधीकधी उशीर व्हायचा."