एका फेरीला एकच तुकडा

सांगा पाहू, धंदेवाल्याने भरवसा कुणावर ठेवावा? घाऊक व्यापाऱ्यावर, बँकेवर, की शेजारच्या आळशी पोरीवर? तीस वर्षं चीज विकून शहाणा झालेल्या मी पोरीवर ठेवला.

हिस्के नऊ वर्षांची. रस्ता ओलांडतानाही मध्ये एकदा बसून घ्यावं, अशा विचारांची. शाळेचा कागद घेऊन दुकानात आली.

"वीबेकाका, शाळेच्या सायकलींवर छप्पर घालायचंय. आम्ही तळ्याभोवती तासभर धावणार. मी मारीन तेवढ्या फेऱ्यांचे पैसे तुम्ही द्यायचे."

बेकरीवाल्याने फेरीला पन्नास सेंट लिहिले होते. दुकानात सहा गिऱ्हाइकं उभी. मी मोठ्याने म्हणत लिहिलं, "पाच युरो!" (पोरगी फार तर दोन फेऱ्या मारणार. दहा युरोत एवढी जाहिरात कुठे मिळते?)

बायको, चित्स्के, म्हणाली, "तळं केवढं आहे, विचारलंस?"

"चांगलं मोठं आहे की!"

"ते कालव्यापलीकडचं. शाळेतल्या तळ्यात बदकं सहा आहेत, आणि सातव्याला जागा नाही."

मग मी सेवाभावाने पेटून उठलो. फेरीगणिक कार्डावर शिक्का मारायचं काम शाळेकडून मागूनच घेतलं. शेजारी लवंगेच्या चीजचं ताट मांडलं. पोरं थांबतील, चघळतील, तास सरेल. ताट मात्र एकदम रिकामं होऊ नये म्हणून पाटी लावली: 'एका फेरीला एकच तुकडा.' (स्वभाव!)

हिस्के पहिली फेरी चालत आली. शिक्का घेतला, तुकडा खाल्ला, पुन्हा हात पुढे केला.

"पाटी वाच."

तिने वाचली. ताटाकडे पाहिलं, तळ्याकडे पाहिलं, आणि पळत सुटली!

चौथ्या फेरीला मी कळवळून म्हणालो, "बाळा, बस जरा."

"बसल्यावर तुकडा मिळतो?"

"नाही."

"मग कशाला बसू?"

बाराव्या फेरीला शिक्का जरा हलक्या हाताने मारला.

"काका, पुसट आलाय. परत मारा."

मुख्याध्यापिका मागेच उभ्या. मारला. एका फेरीचे दोन शिक्के झाले, दहा युरो! तक्रार कुणाकडे करणार? पहिला पुसट का मारला, तेही सांगावं लागलं असतं.

अठराव्या फेरीला ताट संपलं आणि माझ्या जिवात जीव आला. तेवढ्यात चित्स्के सायकलवरून चीजचा अख्खा गोळा घेऊन हजर. "म्हटलं, कमी पडेल." (दुकानात जरा हातभार लाव, असं मी तिला बावीस वर्षं विनवतोय.)

शेवटी बत्तीस शिक्के. एकशे साठ युरो. हिस्केची आई आनंदाने रडली. मीही रडलो. लोकांना वाटलं, किती हळवा माणूस!

घरी चित्स्के चष्मा लावून तो कागद न्याहाळत बसली.

"काय शोधतेस?"

"पाचाच्या आधी कुठे दशांशाचं टिंब दिसतंय का बघते."

"दिसलं?"

"नाही. अक्षर मात्र ठसठशीत आलंय."

तेव्हा मंडळी, या देणग्यांची यादी लिहायला बसलात, तर हिशेब प्रामाणिक ठेवा. नाव खरं लिहा, आकडा खरा लिहा. फक्त माझ्या नावासमोर, कारणाच्या रकान्यात, 'शाळेवरच्या प्रेमापोटी' एवढं लिहिलंत, तर मी काही खोडायला येणार नाही.